सुब्रत मित्रांचा उजेड

प्रिय सुहास,

सत्यजित राय यांचे छायाचित्रकार सुब्रत मित्रांची शैली समजून घ्यायची असेल, तर आधी रायांचा 'अपराजितो' (1956) काढ आणि त्यातलं बनारसचं घर नीट न्याहाळ. तो कलकत्त्याच्या स्टुडिओत कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्तांनी उभारलेला सेट आहे, पण बघताना तशी शंकाही येत नाही. त्याचं निम्मं श्रेय मी मित्रांच्या उजेडाला देतो.

तिथल्या जुन्या घरांच्या चौकात थेट ऊन क्वचितच पोचतं. आभाळाचा उजेड वरून झिरपतो. त्याला दिशा असते, पण धारदार सावली नसते. स्टुडिओची रीत होती वरून स्पॉटलाइट सोडायची, म्हणजे एकाच माणसाच्या दोन-तीन सावल्या भिंतीवर. मित्रांनी चौकावर पांढरा कपडा ताणला, दिवे खालून त्यावर मारले आणि परतून येणाऱ्या उजेडात चित्रण केलं.

तुझ्या लघुपटात हे करशील तेव्हा एक नक्की सांभाळ. दिवा कपड्याला चिकटवलास तर हातभर गोल तेवढाच उजळतो, आणि मग तो गोलच उजेडाचा उगम ठरतो. सावली पुन्हा कडक. दिवा मागे घे, कपडा कडेपर्यंत भरू दे, पण बाहेर सांडू देऊ नकोस. सांडलेला उजेड थेट भिंतीवर गेला की दुसरी सावली हजर! दिव्याच्या पुढच्या झडपा त्यासाठीच असतात. कपडा चेहऱ्यापासून जितका लांब, तितका तो लहान ठरतो आणि सावली कडक होत जाते. रुंदीच्या मानाने बराच लांब असेल, तर अंतर दुप्पट करताच उजेड चौथाईवर येतो, म्हणजे 2 स्टॉप गेले (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा). जास्त उजेड मागणाऱ्या त्या काळच्या मंद फिल्मवर हे किती महागात पडत असेल, विचार कर.

उजेड फक्त वरून आला की डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. तिथे खालून थोडा उजेड परतवायला फ्रेमच्या खाली, छातीच्या उंचीवर थर्मोकोलची पांढरी शीट धर. सगळंच सपाट दिसू लागलं तर दिवे वाढवू नकोस. एका बाजूला काळा कपडा लाव, त्या बाजूचा गाल आपोआप गडद होतो. आणि कपडा जुना, पिवळट नको. रंगीत चित्रणात चेहरे पिवळे येतात.

हे सगळं ज्याला सुचलं, त्याने 21व्या वर्षी 'पथेर पांचाली' हाती घेतला तेव्हा चित्रपटाचा कॅमेरा आधी चालवलेलाच नव्हता. शिक्षण म्हणजे कलकत्त्याजवळ चाललेलं फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वार यांचं चित्रीकरण बघून केलेल्या नोंदी. पुढे 'चारुलता' (1964), 'नायक' (1966), अमेरिकन दिग्दर्शक जेम्स आयव्हरींचे चित्रपट, 'न्यू दिल्ली टाइम्स'साठी राष्ट्रीय पुरस्कार.

'अपराजितो'नंतर 'कांचनजंघा' (1962) बघ. तो रंगीत आहे आणि दार्जिलिंगच्या उघड्यावरचा. ऊन, ढग, धुकं पटकथेतच प्रसंगांना वाटून दिलेले आहेत. हवा पालटली की त्या हवेचा प्रसंग घ्यायचा. तुझं वेळापत्रक पक्कं करण्याआधी हा बघून घे.

तुझा,
अनिरुद्ध