सुभेदार मामांना जाहीर धन्यवाद

आदरणीय सुभेदार मामा,

सप्रेम नमस्कार.

पोरांना रायफल शिकवता त्या रेंजवर तुमचे आभार मानायला गेलं की "असूदे, असूदे" म्हणत तुम्ही सळई उचलून पुढच्या रायफलीकडे वळता. म्हणून हे लिहून काढलं. बाकीच्या पालकांनीही वाचावं अशी इच्छा आहे.

२०१० साली तेजस्विनी सावंत म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये, म्हणजे पालथं झोपून नेम धरायच्या रायफल प्रकारात, जगज्जेती झाली, २०२४ ला स्वप्नील कुसाळेनं पॅरिसहून कांस्यपदक आणलं. कोल्हापूरच्या पोरांना रायफलीची ओढ लागली नसती तरच नवल. आम्ही पालक स्कोअर विचारतो, जॅकेटचा खर्च विचारतो. रायफल फुटते कशी, हे तुम्ही शिकवलंत म्हणून कळलं.

त्या दिवशी माझ्या पोरीच्या पॉइंट टू-टूचा, म्हणजे .२२ इंची रायफलीचा, आवाज फुस्स आला. टार्गेटवर भोक नाही. तिचा हात पुढच्या काडतुसाकडे गेला आणि मागून तुमचा आवाज आला, "थांब पोरी! नळी समोरच ठेव, बोल्टला हात लावू नको." अर्धा मिनिट तसंच थांबवलंत. मग नळीचं मागचं तोंड बंद करणारा तो बोल्ट उघडला, काडतुसाची रिकामी पुंगळी काढली, मागून सळई घातली. वीतभर आत जाऊन ती अडली. काडतुसात दारू कमी पडली होती आणि गोळी नळीतच बसली होती. पुढची गोळी सुटली असती तर काय झालं असतं, हे तुम्ही क्लबातली, मधेच फुगून बाद झालेली बॅरल, म्हणजे रायफलीची नळी, तिच्या हातात देऊन दाखवलंत. तिच्यात घट्ट बसणारा कापडाचा तुकडा सळईनं ढकलताना मधेच एका जागी हात एकदम सैल पडतो. उजेडाकडे धरून आत बघितलं की तिथंच काळी कडी दिसते.

माझं आयुष्य उद्यमनगरात लेथवर गेलं. व्हॉल्व्हची हायड्रो टेस्ट, म्हणजे पाण्याच्या दाबाची चाचणी, घेताना दाब सगळीकडे सारखा असतो, माल जिथं कमजोर तिथं फुटतो. मग सगळ्यात जास्त दाब चेंबरमध्ये, म्हणजे काडतूस बसतं त्या मागच्या भागात, असताना बॅरल मधेच कशी फुगली? मी हे विचारलं तेव्हा तुम्ही चहा बाजूला ठेवून समजावलंत. गोळी जेमतेम अडीच ग्रॅमची, पण सेकंदाला तीनशे मीटरच्या वर वेग. अडकलेल्या गोळीवर ती आदळून जागच्या जागी थांबते आणि मागून धावत आलेला वायू तिच्या पाठीवर तुंबतो. पापणी लवायच्या आत त्या एका जागी दाब असा चढतो की पोलाद बाहेर ढकललं जातं. पॉइंट टू-टूचा चेंबरमधला दाब साधारण १६५० बार, म्हणून बहुतेक वेळा नळी फुगून भागतं. फौजेच्या ७.६२ मिलिमीटरच्या रायफलीला तो ४००० च्या घरात, तिथं नळी उभी चिरते. अडथळा चेंबरजवळ असेल तर सगळ्यात वाईट. वायूला पसरायला जागा नसते, पुंगळीचं बूड फाटतं आणि झोत बोल्टकडून चेहऱ्यावर येतो. चष्म्याचा तुमचा आग्रह तेव्हा मला कळला.

नळी अडली तर काय होतं, याच्या चाचण्या रायफल शिकंजात बांधून, भिंतीआडून दोरीनं ट्रिगर ओढून घेतात, हेही तुम्हीच सांगितलंत. नळीत चिखल, पाणी, विसरलेली चिंधी, अडकलेली गोळी, एकेक घालून बघायचं. आणि तेवढाच चिखल घालूनही एक नळी नुसती फुगते, दुसरी फाटते. म्हणून "एवढ्याशानं काय होतंय" हे वाक्य तुम्ही रेंजवर कुणाला बोलू देत नाही. बरोबरच आहे तुमचं.

पाण्याचं तर मला खरंच वाटलं नव्हतं. स्ट्रॉचं वरचं टोक बोटानं दाबलं की सरबत आत अडकून राहतं, तसं फौजेच्या ५.५६ मिलिमीटरच्या रायफलीच्या बारीक नळीत पाणी राहतं. ओढा ओलांडला की नळीचं तोंड खाली करून बोल्ट जरा मागे घ्यायचा, मग ते निथळतं.

आता पोरगी पहिल्या गोळीआधी नळीतून आरपार बघते. आवाज बदलला की स्वतःच थांबते, शेजारच्यालाही थांबवते. मामा, हे तुमचं देणं आहे आणि ते मी विसरणार नाही.

उन्हाळी शिबिराला नवी पोरं येतील, त्यांच्याही हातात ती बॅरल द्या. क्लबनं रीतसर परवानगी काढली तर ती उभी चिरून, कडी आतून दिसेल अशी करून द्यायचं काम माझ्याकडं लागलं. मजुरी घेणार नाही.

आपला,
एक पालक
शिवाजी उद्यमनगर, कोल्हापूर