दादा कोंडके यांच्या चित्रपटांची निगेटिव्ह शताब्दीआधी वाचवा

प्रति,
मा. सांस्कृतिक कार्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

सप्रेम नमस्कार.

8 ऑगस्ट 2032 रोजी दादा कोंडके यांच्या जन्माला शंभर वर्षे पूर्ण होतील. त्या वर्षी कार्यक्रम होतील, विशेषांक निघतील, ते व्हायलाच हवे. आमची मागणी मात्र आजच हातात घ्यावी लागेल अशी आहे: दादांच्या चित्रपटांची मूळ निगेटिव्ह, म्हणजे ज्या फिल्मवरून चित्रगृहांसाठी प्रती काढतात ती, शोधून, तपासून, शासनाने स्कॅन करून घ्यावीत.

दादा लोकनाट्यातून आले. 'विच्छा माझी पुरी करा'च्या शेकडो प्रयोगांत हशा कुठे येतो, किती टिकतो आणि पुढचे वाक्य कधी टाकायचे हे त्यांच्या अंगात मुरले होते. 1969 ला भालजी पेंढारकरांच्या 'तांबडी माती'त ते पडद्यावर आले, 1971 ला 'सोंगाड्या'ची निर्मिती केली, 1975 ला 'पांडू हवालदार'पासून दिग्दर्शनही हाती घेतले; गीतेही लिहिली. रंगमंचावर नट हशा ओसरेपर्यंत थांबतो. सिनेमात ती जागा आधीच फिल्मवर सोडून ठेवावी लागते. भाबडा चेहरा, एक क्षण शांतता, मग शब्द. ही शांतता म्हणजे मोजक्या काही फ्रेम, आणि आज धोक्यात आहेत त्या नेमक्या याच.

हे चित्रपट तुफान चालले, हेच त्यांच्या झिजेचे कारण. रोज तीन खेळ धरले तरी पंचवीस आठवड्यांत चित्रगृहातली एक प्रत, म्हणजे प्रिंट, 525 वेळा प्रोजेक्टरमधून जाते. प्रिंट विटली की नवी काढायची. डुप्लिकेट निगेटिव्ह केलेले नसेल, तर दर वेळी मूळ निगेटिव्हच यंत्रात घालावे लागते. म्हणजे जो चित्रपट जास्त चालला, त्याचे निगेटिव्ह जास्त ओरखडलेले.

फिल्म तुटली की ऑपरेटर खराब फ्रेम कापून जोड देतो. 35 मिमी प्रिंटवर आवाजाची पट्टी चित्राच्या सुमारे 20 फ्रेम पुढे छापलेली असते. म्हणून एका जोडाने दोन जखमा होतात: चित्र इथे उडी मारते आणि जवळजवळ सेकंदभराने एखादे अक्षर गळते. द्वयर्थी वाक्यात ते एक अक्षर गेले की विनोदच गेला. रिळाच्या सुरुवातीला आणि शेवटी हे नुकसान सर्वांत जास्त असते.

जुन्या व्हिडिओ कॅसेटवरून केलेल्या प्रतींवर भागवू नये. सेकंदाला 24 फ्रेमचा चित्रपट 25 ने चालवून त्या केलेल्या असतात. त्यामुळे 140 मिनिटांचा चित्रपट साडेपाच मिनिटांनी आखडतो, आवाज चढतो, दादांचे थांबणेही आखूड होते. त्यात 4:3 चौकटीतले दृश्य रुंद पडद्यासाठी वर-खाली कापले, तर उंचीचा जवळपास चौथा हिस्सा जातो. दादांच्या चड्डीची लोंबणारी नाडी दिसलीच नाही, तर प्रेक्षक हसणार कशाला?

काम कोणत्या क्रमाने व्हावे, तेही सांगतो. आधी निर्माते, वारस, वितरक, लॅब आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय यांच्याकडील फिल्मच्या प्रत्येक डब्याची यादी करा. चित्र-निगेटिव्ह, ध्वनी-निगेटिव्ह आणि प्रिंट यांची नोंद वेगवेगळी हवी. डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला, तर फिल्मची अ‍ॅसिटेटची पट्टीच सडू लागली आहे. मुंबईच्या दमट हवेत हे वेगाने होते. असे डबे लगेच वेगळे काढा, कारण त्यांची वाफ शेजारच्या रिळांनाही बाधते. फिल्म एक टक्क्याच्या वर आकसली, तर दातेरी चाकांच्या यंत्रात ती फाटते, तिला दातेरी चाकांविना चालणारा स्कॅनरच लागतो.

मग लांबी मोजा. सेन्सॉर प्रमाणपत्रावर मीटरमध्ये लांबी आणि रिळांची संख्या असते, सुचवलेले कटही नोंदलेले असतात. मिनिटाला 27.4 मीटर या हिशेबाने कुठल्या रिळातून किती गेले ते कळते. तेवढा तुकडा दुसऱ्या प्रिंटमधून शोधून बसवता येतो. मोजायच्या आधी डिजिटल सफाई करू नये. सॉफ्टवेअर उडीवर खोट्या फ्रेम भरते आणि अभिनयाचा ताल बिघडतो. रंग दुरुस्त करताना लाल पडलेल्या प्रिंटवर विसंबू नये, मूळ निगेटिव्हवरून रंग घ्यावा.

स्कॅन झाले म्हणून निगेटिव्ह अडगळीत टाकू नये. रंगीत फिल्मला थंड आणि कोरडी हवा लागते. स्कॅनच्या फाइली निदान दोन वेगळ्या शहरांत ठेवाव्यात आणि दर काही वर्षांनी नव्या माध्यमावर उतरवाव्यात. या खर्चाची तरतूद पहिल्याच अंदाजपत्रकात करावी, नाहीतर योजना इथेच अडते.

हक्क वारसांचेच राहतील, असे करारात स्पष्ट लिहा. हक्क जातील ही भीती गेली, तर डबे बाहेर येतील. यादीचे काम या पावसाळ्याआधी सुरू करण्याचा आदेश आपण द्यावा, ही कळकळीची विनंती.

आपले,
मराठी चित्रपटांच्या जतनाचे काम जाणणारे