पहिली सही, दुसरी सही

म्हार्दोळ, गोवा
भाद्रपद

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र गणेश चवथीच्या आदल्या दिवशी आले. गणपतीवर टांगायच्या माटोळीची फळे ओसरीवर पसरलेली होती आणि ती बांधायला माणूस मिळत नव्हता, म्हणून उत्तराला उशीर झाला. उदारमतवादाने आपली संस्कृती आतून पोखरली, माणसाला कुळापासून, गावापासून आणि देवापासून तोडून एकटे पाडले, हा तुझा आरोप मी दोनदा वाचला. वसतिगृहाच्या गच्चीवर इंग्रज उदारमतवादी मिलची बाजू घेऊन रात्री जागवणारा तू होतास आणि तुला धर्मभ्रष्ट म्हणणारा मी. चाळीस वर्षांत आपण जागा बदलून घेतल्या की काय, असे वाटून हसू आले.

तुझ्या पुण्यात हा विचार ग्रंथांतून आला. आगरकरांनी मिल आणि स्पेन्सर वाचले, १८८८ साली ‘सुधारक’ काढला, आणि ज्यांना ते पटले नाही त्यांनी आगरकरांची जिवंतपणी प्रेतयात्रा काढली. आमच्याकडे मात्र तो शिक्क्याच्या कागदावरून आणि नोंदवहीतून आला, आणि हा शब्द जन्मात न ऐकलेली माझी आजीसुद्धा त्याच्या कक्षेत जगली. त्यामुळे त्याने संस्कृतीचे काय केले हे गोव्यात पाहायचे तर भाषणे बाजूला ठेवून दप्तरे उघडावी लागतात.

१८२० साली पोर्तुगालातल्या पोर्तो शहरात उदारमतवाद्यांची क्रांती झाली, पुढच्याच वर्षी गोव्यातल्या व्हाइसरॉयला पायउतार व्हावे लागले आणि २२ डिसेंबर १८२१ रोजी ‘गाझेता द गोवा’ हे इथले पहिले वृत्तपत्र निघाले. छापखाना इथे १५५६ सालीच आला होता. यंत्र आल्यापासून बातमी छापली जाईपर्यंत २६५ वर्षे गेली आणि त्यांतला बहुतेक काळ इन्क्विझिशनचा, म्हणजे पाखंड शोधून शिक्षा करणाऱ्या धर्मन्यायालयाचा होता, जे १८१२ साली कायमचे बंद झाले. आमची म्हाळसा देवी पोर्तुगीजांच्या धाकाने वेर्ण्याहून नदी ओलांडून या गावी का आली, हे तुला मी पहिल्या भेटीतच सांगितले होते. ज्या संस्कृतीला आपले देव पाठीवर घेऊन पळावे लागले होते, तिला हा विचार आधी वैरी म्हणून भेटला नाही, एवढे तुझ्या ध्यानात यावे.

पण त्याचा खोटेपणाही मी लपवत नाही. १८२६ च्या पोर्तुगीज सनदेत, म्हणजे राज्यघटनेत, कॅथलिक धर्म हा राज्याचा धर्म आणि इतर धर्मांची मोकळीक परदेशी माणसांना, असे कलम होते. मग फोंड्याचा हिंदू कोण? तो परदेशीही नव्हे आणि कॅथलिकही नव्हे. त्याला जे मिळे ते चालवून घेणे होते, हक्क नव्हता. लिस्बनने नेमलेला बेर्नार्दु पेरिश द सिल्वा हा गोमंतकीय माणूस १८३५ च्या जानेवारीत गोव्याचा प्रमुख म्हणून रुजू झाला, तर तीन आठवडे उलटायच्या आत लष्करी बंडाने त्याला काढून लावले. तुमच्या मिलनेही १८५९ च्या त्या प्रसिद्ध ग्रंथात मागासलेल्या समाजांना स्वातंत्र्याच्या तत्त्वातून वगळलेच होते. पाहुण्याला पाट मांडायचा आणि वाढायच्या वेळी दार लावून घ्यायचे, अशातली ही गत.

१९१० साली पोर्तुगालात प्रजासत्ताक आले, पुढच्या वर्षी धर्म आणि राज्य वेगळे झाले, आणि तेव्हा कुठे ते दार उघडले. त्यानंतर काय झाले पाहा. १९११ साली मडगावात गोमंत विद्या निकेतन उभे राहिले, मराठी शाळा आणि मराठी पत्रे जोमाने निघू लागली. तुझ्या सिद्धान्ताप्रमाणे मोकळीक मिळताच संस्कृती विरघळायला हवी होती, पण इथे माणसांनी मोकळीक मिळताच पहिल्याने वाचनालय आणि शाळा काढली, आपल्याच भाषेत. ती बव्हंशी शिकल्यासवरल्या, वरच्या जातींच्या घरांपुरती राहिली हे खरे. गावोगावी मराठी प्राथमिक शाळा पोहोचायला १९६३ नंतरचे मुख्यमंत्री बांदोडकरांचे सरकार यावे लागले. मधल्या काळात सालाझारची हुकूमशाही आली. १९३० च्या वसाहत कायद्याविरुद्ध लुईस द मिनेझिस ब्रागांझांनी विधिमंडळात स्वयंनिर्णयाचा ठराव मांडला खरा, पण पुढे सभा आणि वृत्तपत्रे दोन्हींच्या नाड्या आवळल्या गेल्या. लग्नपत्रिकासुद्धा तपासणीसाठी द्यावी लागे, असे आमच्या घरातली जुनी माणसे सांगत.

आता घरचेच सांगतो. १८६७ ची पोर्तुगीज नागरी संहिता इथे १८७० पासून लागू झाली आणि तिच्यातली कुटुंबाची मुख्य तत्त्वे नव्या कायद्यांतून आजही चालतात. वेगळा करार केला नसेल तर नवराबायकोची मालमत्ता सामाईक असते, आणि वारसांत मुलगा-मुलगी असा भेद नाही. बाबा गेल्यावर वाटणीसाठी आम्ही सारे नोटरीकडे गेलो. जन्मभर सगळ्यांच्या मागून जेवलेली आई दाराशी उभी होती. नोटरीने तिला खुर्ची दिली, कागद तिच्या पुढ्यात सरकवला आणि म्हणाला, “अर्धे तर तुमचेच आहे, ते वाटणीत येतच नाही; उरलेल्या अर्ध्याचे काय ते बोलूया.” आईने चष्मा पुसला, पुन्हा लावला आणि ओळीवर बोट ठेवून आपले नाव वाचले. धाकटी बहीण हक्क सोडून सही करील असे आम्ही भाऊ गृहीत धरून होतो. तिने सही केली नाही. त्या वर्षी चवथीला ती आली नाही, पुढच्या वर्षीही नाही, आणि माटोळीतल्या तिच्या हातच्या गाठी दुसऱ्या कोणाला जमल्या नाहीत. तू म्हणतोस ती तूट ही अशी असते. मी ती भोगली आहे. पण ती सही झाली असती तर आमच्या घराचा गोडवा तिच्या पदरच्या वाट्यावर टिकला असता, हे मला तेव्हा कळत नव्हते, आता कळते.

हाच कागद उलटाही फिरतो. देवस्थानांसाठी १८८६ साली नियम झाले आणि १९३३ साली ते नव्याने बांधले गेले. महाजनांच्या, म्हणजे देवळाच्या मानकरी घराण्यांच्या, याद्या झाल्या आणि त्या वंशपरंपरेने पुरुषांकडे चालत राहिल्या. जी रीत पूर्वी गावाच्या बोलण्याचालण्यात थोडी लवत असे, ती यादीत गोठली. सेवा सगळ्या गावाची आणि कारभार यादीतल्यांचा. पालखीचा वाद झाला की सारे मामलेदाराच्या दारात. परंपरा म्हणून आपण ज्याला हात जोडतो, त्यातला बराच भाग उदारमतवादी कारकुनाने लिहून ठेवलेला आहे. तुझा राग इथे वळव, मी तुझ्या बाजूने उभा राहीन.

आणखी एक. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलात बाबांनी फुलावर, म्हणजे महाराष्ट्रात विलीन होण्यावर, मत दिले होते. दोन पानांना, म्हणजे वेगळे राहण्याला, १,७२,१९१ मते पडली, फुलाला १,३८,१७०. त्या रात्री बाबा जेवले नाहीत असे आई सांगे. सकाळी मात्र ते दोन पानांवाल्या शेजाऱ्याकडे नेहमीसारखे वर्तमानपत्र वाचायला गेले. मराठी की कोकणी हा आतड्याचा प्रश्न मोजणीने सुटला असे मी म्हणत नाही, कारण ऐंशीच्या दशकातल्या भाषा आंदोलनात माणसे मेली. पण हरल्यावर शेजाऱ्याच्या पायरीवर बसण्याची ती सवय मी संस्कृतीतच धरतो, आणि ती पोथीतून आली नव्हती.

लिहायचे मुख्य कारण राहिलेच. कन्येचे ठरले. निबंधकाच्या कचेरीत तिची पहिली सही, म्हणजे लग्नाच्या इराद्याची नोंद, झाली आहे. दुसरी सही पुढच्या महिन्यात. कायद्याने लग्न त्या दिवशी लागेल, पण अक्षता पडेपर्यंत ती आमच्याच घरी राहील आणि मंगळसूत्रही घालणार नाही. कायद्याच्या आणि मुहूर्ताच्या मधले हे दिवस आमच्या बायकांनी कधी आणि कसे बसवून घेतले कोण जाणे, पण ते अगदी बेमालूम बसले आहेत. धाकटी आत्या म्हणून बहीण येते आहे. साक्षीदार म्हणून मी तुझे नाव सांगितले आहे, तेव्हा येताना ओळखपत्र विसरू नकोस.

तुझा,
गच्चीवरचा सनातनी