समुपदेशनाआधी बराक भयमुक्त हवी

माननीय संपादक महोदय,
स. न. वि. वि.

कट्टरतेच्या आहारी गेलेल्या कैद्यांचे तुरुंगातच मतपरिवर्तन करावे, त्यासाठी मानसशास्त्रज्ञ आणि धर्मगुरू नेमावेत, अशी मागणी हल्ली वारंवार होते. मागणी गैर नाही. मात्र बराकीत प्रत्यक्ष हुकूम कोणाचा चालतो, हे कोणी विचारत नाही, आणि युद्धकैद्यांचा इतिहास पाहिला तर घोडे तेथेच पेंड खाते.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेत साडेतीन लाखांहून अधिक जर्मन युद्धकैदी होते. शिस्त राहते म्हणून अनेक छावण्यांत कट्टर नाझींचे वर्चस्व आधी खपवून घेतले गेले. नोव्हेंबर १९४३ मध्ये ओक्लाहोमातील टोंकावा छावणीत फितुरीच्या संशयावरून एका कैद्याला सोबत्यांनीच ठार मारले. पुढे कट्टरांना वेगळे काढण्यावर भर देण्यात आला, कैद्यांनीच संपादित केलेले ‘डेर रुफ’ हे वृत्तपत्र मार्च १९४५ पासून छावण्यांत वाटले जाऊ लागले. ब्रिटनने १९४६ मध्ये विल्टन पार्क येथे कैद्यांना व्याख्यात्यांशी मोकळेपणाने वाद घालू दिला, आणि माझ्या मते तोच मार्ग अधिक शहाणपणाचा होता.

याहून जवळचा दाखला आपल्या मराठी सेनानीचा आहे. कोरियन युद्धानंतर, १९५३ मध्ये, मायदेशी परतण्यास नकार देणारे बावीस हजारांहून अधिक चिनी व उत्तर कोरियाई कैदी मेजर जनरल एस. पी. पी. थोरात यांच्या भारतीय सैन्याच्या ताब्यात आले. प्रत्येकाने मायदेशाच्या प्रतिनिधींचे म्हणणे ऐकून निर्णय घ्यावा, असे ठरले होते. परंतु कैद्यांच्या अंतर्गत संघटनांची दहशत एवढी होती, की परतण्याची इच्छा बोलून दाखवणे जिवावर बेतू शकत होते, आणि बहुसंख्य कैद्यांपर्यंत ते म्हणणे पोहोचलेच नाही.

युद्धकैदी गुन्हेगार नसतो, त्यामुळे ही तुलना एका मर्यादेपर्यंतच न्यावी. तरीही क्षमतेहून कितीतरी अधिक कैदी कोंबलेल्या आर्थर रोड कारागृहात, पहिल्यांदाच आत आलेला, डळमळीत मनाचा तरुण ज्यांच्या शेजारी झोपतो, त्यांच्यासमोर तो समुपदेशकाशी मोकळे बोलेल काय? अशा डळमळीत तरुणांची बराक आधी वेगळी करावी. समुपदेशकाचा तपास यंत्रणेशी संबंध नसावा. शिवाय आपल्या तुरुंगांतील बहुतेक जण कच्चे कैदी आहेत, म्हणून समुपदेशनास दिलेला नकार जामिनाच्या वेळी कोणाविरुद्ध वापरला जाणार नाही, अशी लेखी हमी कारागृह विभागाने द्यावी.

आपला,
एक वाचक, दादर, मुंबई