एसएफपी खरेदीत नागपूरचा उन्हाळाही मोजावा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

नागपुरातील महाविद्यालये, रुग्णालये, सहकारी बँका आणि हिंगणा-बुटीबोरीकडचे कारखाने यांच्या इमारती आता मोठ्या प्रमाणावर फायबरने जोडल्या गेल्या आहेत. फायबरच्या दोन्ही टोकांना स्विचमध्ये (संगणकांचे जाळे जोडणाऱ्या यंत्रात) बसणारे बोटाएवढे ऑप्टिकल मॉड्यूल, ज्याला कामावरची माणसे सरसकट ‘एसएफपी’ म्हणतात, त्याची खरेदी मात्र बहुतेक ठिकाणी वेग, किलोमीटर आणि सर्वांत कमी दर एवढ्या तीन रकान्यांवर उरकली जाते. मॉड्यूलची तापमान-श्रेणी आणि लाइनचा प्रत्यक्ष मोजलेला लॉस (वाटेत कमी होणारा प्रकाश) यांची नोंद निविदेत बंधनकारक व्हावी, ही मागणी मांडण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

बाजारात सहज मिळणाऱ्या कमर्शियल श्रेणीच्या मॉड्यूलची मर्यादा 0 ते 70 अंश सेल्सिअस असते, तर इंडस्ट्रियल श्रेणीची उणे 40 ते 85 अंश. हे तापमान हवेचे नसून मॉड्यूलच्या धातूच्या कवचाचे असते, हे खरेदी करणाऱ्यांच्या सहसा लक्षात येत नाही. आपल्याकडे मे महिन्यात पारा 45 अंशांच्या पुढे जातो. त्या उन्हात गच्चीवर किंवा रस्त्याकडेला उभ्या असलेल्या पत्र्याच्या पेटीतली हवा बाहेरच्यापेक्षा कितीतरी जास्त तापते, त्यात स्विचची स्वतःची उष्णता आणि धुळीने बसलेला पंखा यांची भर पडली की 70 ची मर्यादा ओलांडायला वेळ लागत नाही. लेझर तापला की तेवढाच प्रकाश देण्यासाठी त्याला अधिक विद्युतप्रवाह लागतो, मॉड्यूल तो वाढवत राहते, त्याने लेझर लवकर झिजतो आणि शेवटी प्रकाशच कमी पडू लागतो.

गेल्या नवतपात (मेअखेरच्या कडक उन्हाच्या नऊ दिवसांत) शहरातील एका संस्थेची लिंक दुपारी पडायची आणि दिवेलागणीला आपोआप सुरू व्हायची. पुरवठादाराने आधी स्विच बदलला, मग पॅच कॉर्ड (जोडणीच्या छोट्या फायबर वायरी) बदलल्या. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी असाच तो प्रकार होता. वास्तविक डीडीएमची, म्हणजे स्वतःची मापे सांगण्याची, सोय असलेले मॉड्यूल तापमान, व्होल्टेज, लेझरचा प्रवाह, सोडलेला प्रकाश आणि मिळालेला प्रकाश ही पाच मापे सतत देत असते व स्विचवर एका कमांडने ती वाचता येतात. भर दुपारी ती काढली तेव्हा तापमानाच्या ओळीत 76 अंश आणि शेजारी अलार्मची खूण होती. पेटीवर सावली केल्यावर, पंख्याची जाळी साफ केल्यावर आणि इंडस्ट्रियल श्रेणीचे मॉड्यूल बसवल्यावर ती लिंक स्थिर झाली.

किलोमीटरच्या आकड्याबद्दल थोडे सविस्तर लिहिणे भाग आहे. 10 गिगाबिटच्या ‘एलआर’ मॉड्यूलवर 10 किलोमीटर असे छापलेले असते. मानकाप्रमाणे ते कमीत कमी उणे 8.2 डीबीएम (प्रकाशाच्या ताकदीचे माप; उणे आकडा जितका मोठा तितका प्रकाश कमी) प्रकाश सोडते आणि समोरच्या टोकाला किमान उणे 14.4 डीबीएम पोहोचावा लागतो, म्हणजे वाटेत गमावायला हाताशी 6.2 डेसिबल असतात. नकाशावर 9 किलोमीटर दिसणारी लाइन रस्त्याची वळणे आणि चेंबरमध्ये ठेवलेली वेटोळी धरून सहज 11 वर जाते. एलआरच्या 1310 नॅनोमीटर तरंगलांबीवर किलोमीटरला सुमारे 0.35 डेसिबल धरले तर फायबरमध्येच 3.85 गेले, दोन्हीकडच्या मिळून चार कनेक्टरांना प्रत्येकी अर्धा धरला तर आणखी 2 गेले, आणि मूळचे स्प्लाइस (फायबरचे वितळवून केलेले जोड) सोडूनच फक्त 0.35 उरले. रस्त्याच्या किंवा जलवाहिनीच्या खोदकामात फायबर तुटले की मधे तुकडा घालून जोडताना दोन स्प्लाइस वाढतात, प्रत्येकाचा 0.1 डेसिबल धरला, तरी अशा दोन दुरुस्त्यांत उरलेसुरलेही संपते. मग लिंक ‘कधी चालते, कधी नाही’ अशी तक्रार येते आणि दोष मॉड्यूलच्या कंपनीवर ढकलला जातो.

यावर ‘सरळ 80 किलोमीटरचेच घेऊ’ म्हणणारेही भेटतात, आणि मला ते अधिक धोक्याचे वाटते. ‘झेडआर’ मॉड्यूल साधारणपणे 0 ते 4 डीबीएम प्रकाश सोडते, तर त्याचा रिसीव्हर उणे 7 पेक्षा जास्त सोसत नाही. वरच्याच लाइनवर त्याच्या 1550 नॅनोमीटर तरंगलांबीला जेमतेम पावणेपाच डेसिबल कमी होतात. म्हणजे मधे योग्य अटेन्युएटर (प्रकाश कमी करणारा जोड) न लावल्यास चुका वाढतात आणि रिसीव्हर कायमचा निकामीही होऊ शकतो. अशा ठिकाणी 40 किलोमीटरचे ‘ईआर’ पुरते, मात्र मिळणारा प्रकाश उणे 1 डीबीएमच्या वर जात नाही याची खात्री करावी लागते.

जुन्या महाविद्यालयांची अडचण निराळी आहे. तेथे पूर्वी टाकलेली 62.5 मायक्रॉनची नारिंगी मल्टिमोड (जाड गाभ्याची, कमी अंतरासाठीची) केबल 1 गिगाबिटला दोनशे मीटरपर्यंत बिनतक्रार चालते, पण 10 गिगाबिटचे ‘एसआर’ मॉड्यूल तिच्यावर 33 मीटरच्या पुढे जात नाही. हेच मॉड्यूल ओएम3 या सुधारित मल्टिमोड केबलवर 300 मीटर जाते. केबलच्या आवरणावरचा मजकूर वाचण्याआधी मॉड्यूलची मागणी नोंदवू नये. एकाच तंतूवर चालणाऱ्या 10 गिगाबिटच्या बायडाय मॉड्यूलची जोडी 1270 आणि 1330 नॅनोमीटर अशी परस्परपूरक लागते, हेही मागणीपत्रात स्पष्ट असावे.

स्वस्त मॉड्यूलला माझा विरोध नाही. त्रयस्थ कंपनीचे मॉड्यूल आपल्या स्विचने ओळखावे असे कोडिंग केलेले आणि तपासून घेतलेले असेल तर ते उत्तम काम देते. लांब अंतराच्या सिंगलमोड फायबरचा गाभा मात्र जेमतेम 9 मायक्रॉनचा असतो, त्यामुळे कनेक्टर रुमालाने पुसून लावला तर महागडे मॉड्यूलही व्यर्थ जाते. फायबर साफ करण्याचे पेन आणि तपासणीचा सूक्ष्मदर्शक हा खर्चही निविदेत धरावा. हा लेझर डोळ्यांना दिसत नाही, म्हणून चालू फायबरच्या टोकात डोकावू नये, ही सूचना कर्मचाऱ्यांना लेखी द्यावी.

माझी विनंती एवढीच आहे की सार्वजनिक पैशातून होणाऱ्या प्रत्येक फायबर कामात लाइनचा ओटीडीआर (प्रकाशाचे स्पंद सोडून लॉस मोजणाऱ्या यंत्राचा) अहवाल आधी घ्यावा, त्यातील लॉसवर किमान 3 डेसिबल राखीव धरून मॉड्यूल निवडावे, उघड्यावरील पेट्यांसाठी इंडस्ट्रियल श्रेणीच मागावी, आणि मॉड्यूलची पाचही मापे काम ताब्यात घेताना व पुन्हा मे महिन्याच्या भर दुपारी नोंदवून घ्यावीत. पुरवठादाराची अनामत रक्कम या दुसऱ्या नोंदीनंतरच परत करावी.

आपला,
नेटवर्क देखभालीच्या कामातील एक वाचक,
धरमपेठ, नागपूर