दुय्यम भूमिकांविषयी मित्रास पत्र

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

मार्गो मार्टिंडेल यांच्यासारखी समर्थ अभिनेत्री आयुष्यभर दुय्यम भूमिकांत अडकून पडली, याचे वाईट वाटते, असे तू लिहिलेस. ते वाक्य मनातून जाईना, म्हणून आज सविस्तर लिहायला बसलो आहे.

टेक्सासमध्ये १९५१ साली जन्मलेल्या या बाईंना अमेरिकी दूरचित्रवाणीचा मानाचा एमी पुरस्कार पहिल्यांदा मिळाला, तो २०११ साली, वयाच्या साठाव्या वर्षी. 'जस्टिफाइड' या गुन्हेगारी मालिकेच्या दुसऱ्या पर्वातील मॅग्ज बेनेट ही ती भूमिका. पर्वाच्या पहिल्याच भागात मॅग्ज एका माणसाला घरी गाळलेली दारू पाजते आणि विष बरणीत नसून त्याच्या पेल्यात होते, हे त्याला उशिरा कळते. तो तडफडत असताना ती त्याचा हात हातात घेते आणि आजाऱ्याला धीर द्यावा तशा मऊ आवाजात, त्याच्या मुलीचा सांभाळ आपण करू, असे सांगते. त्या आवाजात खोटेपणा जराही नाही. म्हणूनच तो प्रसंग इतका भयंकर होतो, आणि पर्वाच्या शेवटी ती स्वतः तसेच विष पिते तेव्हा तिच्याबद्दल कणव वाटल्यावाचून राहत नाही. नायक तिथेही समोर बसलेला असतो. पण आपले लक्ष तिच्यावरून हटत नाही.

'द अमेरिकन्स' या हेरगिरीच्या मालिकेतील क्लॉडियाचे काम मला त्याहून अवघड वाटते. केजीबी या सोव्हिएत गुप्तहेर संघटनेची ही वरिष्ठ हस्तक हेर दांपत्याला कामे सोपवते, म्हणजे तिच्या वाट्याला येणारे बरेचसे संवाद निव्वळ माहितीचे आणि हुकमांचे. असे संवाद सामान्य नट कथानक पुढे ढकलण्यापुरते उरकतो. मार्टिंडेल मात्र ते अशा बोलतात, की ही सगळी कामे या बाईने तरुणपणी स्वतः केली असावीत आणि त्यांची किंमतही मोजली असावी, असे वाटत राहते. या भूमिकेसाठी २०१५ आणि २०१६ अशी सलग दोन वर्षे त्यांना पाहुण्या अभिनेत्रीचा एमी मिळाला.

तुझी एक तक्रार मात्र मला पूर्ण मान्य आहे. साठीच्या स्त्रीला मध्यवर्ती ठेवून मालिका फारशा लिहिल्या जात नाहीत, हा अन्यायच आहे. पण तो लिहिणाऱ्यांचा दोष. त्यावरून मार्टिंडेल यांच्या कामाला अपुरे म्हणू नये. 'बोजॅक हॉर्समन' या ॲनिमेशन मालिकेत त्यांच्याच नावाचे पात्र आहे, त्याला आवाजही त्यांचाच आहे आणि त्याचा उल्लेख दर वेळी 'चरित्र अभिनेत्री मार्गो मार्टिंडेल' असाच होतो. एखाद्याच्या नावामागे पदवी लावावी तसा तो व्यवसाय तिथे उच्चारला जातो, आणि मला ते ऐकून फार आनंद झाला होता.

विषाचा तो प्रसंग तू पुन्हा एकदा पाहा. या वेळी मरणाऱ्याकडे न पाहता त्याचा हात धरून बसलेल्या तिच्याकडेच पाहा आणि मग मला लिही.

तुझा स्नेहांकित