डोंगरावरच्या जंगलजमिनीविषयी आई-बाबांना पत्र

तीर्थरूप आई-बाबांना शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, शेजारच्या खातेदाराने लाकूड व्यापाऱ्याच्या जोरावर आपल्या डोंगरातल्या जंगलावर हक्क सांगितला आहे आणि तडजोडीच्या कागदावर सही करण्यासाठी तो तुमच्यामागे लागला आहे, हे वाचून मन फार अस्वस्थ झाले. आपल्या वकिलांनी पाहिल्याशिवाय तुम्ही दोघांनी कशावरही सही करू नये, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

त्याने फेरफार, म्हणजे महसुली दप्तरातली नावाची नोंद बदलण्याचा अर्ज, टाकला म्हणून खचू नका. फेरफाराने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. तरीही नोटीस मिळाल्यापासून 15 दिवसांत लेखी हरकत देऊन पोच घ्या, कारण एकदा प्रमाणित झालेली नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते आणि ती खोडून काढण्याचा भार आपल्यावर येतो.

वहिवाट दाखवण्यासाठी आपणच थोडी झाडे तोडावीत, हा काकांचा सल्ला मात्र मुळीच मानू नका. साग आणि खैर 1964 च्या वृक्षतोड अधिनियमाच्या अनुसूचीत आहेत. स्वतःच्या जमिनीतही ते परवानगीशिवाय तोडता येत नाहीत. आई, इतकी वर्षे वणव्यापासून तू जपलेली झाडे आपल्याच हातांनी पाडायची, हे मला कल्पनेतही सहन होत नाही.

माझी खरी काळजी वेगळीच आहे. महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियमाने 30 ऑगस्ट 1975 रोजी राज्यातली खाजगी वने शासनाकडे निहित झाली, म्हणजे शासनाच्या मालकीची झाली, आणि आपल्या सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात तशी किंवा भारतीय वन अधिनियम, 1927 च्या कलम 35(3) खालील नोटिशीची नोंद असेल, तर आपण आणि प्रतिपक्ष भांडत असताना जमीन तिसऱ्याचीच ठरू शकेल. अशी नोंद निघालीच, तरी धीर सोडू नका. नोटीस नुसती काढणे पुरेसे नाही, ती मालकावर बजावलेली असली पाहिजे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये दिला आहे. म्हणून जुने फेरफार आजोबांच्या काळापर्यंत काढून घ्या.

भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचा अर्ज आताच द्या. मोजणीच्या नकाशाची ‘क’ प्रत हाती आली, की दिवाणी न्यायालयात मालकी जाहीर करून मागू. मनाई हुकुमासाठी मात्र तोवर थांबायला नको, त्याचा अर्ज वकिलांनी लगेच तयार करावा. मोजणीची तारीख कळताच मला कळवा. मी रजा काढून येते. बाबांनी एकट्याने त्या लोकांसमोर डोंगरावर जाऊ नये.

तुमची मुलगी